उभे पाच, आडवे बारा

बाईंचं खरं नाव हजेरीपटावर होतं, पण हजेरीपट वाचतो कोण! मनोऱ्यावरच्या मंडळींसाठी त्या मीटरबाई. तोंडावर ‘मॅडम’, पाठ फिरली की ‘मीटरबाई’, आणि कुणाचं डोकं फारच फिरलं असलं तर नुसतं ‘पाचवाली’. हे सगळं त्यांना ठाऊक होतं. त्यांच्या कानांवरून काही निसटत नसे, फक्त त्या दाखवत नसत.

रेडिओ केंद्राचा स्टुडिओ गावात होता आणि मनोरा गावाबाहेरच्या टेकडीवर. नव्वद मीटर उंच, लाल-पांढरे पट्टे, चारी बाजूंनी जाड तारांनी जमिनीला ताणून धरलेला. पायथ्याला जाळीचं कुंपण, एक बाक, एक लाकडी तिवई आणि टेलिफोनचा डबा. तिथून अडीचशे पावलांवर प्रक्षेपण यंत्राची पत्र्याची खोली. मनोऱ्यावर चढून कुणाला काही करायचं असलं, दिवा बदलायचा, बोल्ट आवळायचा, तर यंत्राची ताकद उतरवायची, मग बाईंनी पायथ्याशी मीटर लावून मोजायचं आणि परवान्यावर सही करायची. सही नसेल तर माणूस शिडीला हातही लावत नसे.

रेडिओची लहर दिसत नाही, तिचा वास येत नाही, म्हणून ती मोजायला पगारी माणूस ठेवावा लागतो. बाई एकोणिसाव्या वर्षी स्टोअरमध्ये मदतनीस म्हणून लागल्या, तेविसाव्या वर्षी जुन्या मोजणीदाराने त्यांच्या हातात मीटर दिला, आणि त्या काट्याच्या अशा काही प्रेमात पडल्या की नवऱ्याने त्यावरून आयुष्यभर टोमणे मारले. लेक लहान असताना त्यांनी तिला खिडकीच्या गजाला दोरी बांधून सगळा कारभार समजावला होता. “बघ, दोरीला झटका दिला की लाट पळते. लाट मधल्या रेषेपासून जेवढी उंच उसळते, तो तिचा आयाम. रेडिओच्या लहरीत दोरी नसते, विजेची ओढ उसळते. एक मीटर अंतरामागे किती व्होल्टची ओढ, ते माझा मीटर सांगतो.”

“आणि खूप उंच उसळली तर?”

“उंची दुप्पट झाली की ताकद चौपट होते. म्हणून आपण सांभाळून राहायचं.”

मनोऱ्यावरच्या हिशोबाचं एक जुनं कोष्टक होतं. ताकद उतरवल्यावर पायथ्याशी जेवढी ओढ, त्याच्या दहापट वर अँटेनांपाशी. माणसाला साठपर्यंत चालते. पायथ्याशी काटा नेहमी पाचवर यायचा. पाच दाहे पन्नास, साठाच्या आत, करा सही. गेली कित्येक वर्षं पाच म्हणजे पाच. म्हणून ‘पाचवाली’.

आता त्यांच्या मीटरबद्दल सांगायला हवं, कारण सगळं रामायण त्यानेच घडवलं. कातडी पेटीतला जुना मीटर, डोक्यावर एक हातभर दांडी, पुढे काचेत काटा. दांडी उभी धरायची, मीटर तिवईवर ठेवायचा, आपण चार पावलं मागे सरायचं, कारण माणसाचं अंगही लहरीला अडवतं. आकडा वाचायचा, बटण बंद करायचं, आणि मगच मीटर आडवा करून पेटीत निजवायचा. चालू मीटर आडवा ठेवला की पेटीत तसाच राहून जातो आणि सेल उतरतात. असं करणाऱ्याला बाई फाडून खात. स्वतः तर त्यांनी ते एकदाही केलं नव्हतं.

आठ महिन्यांपूर्वी मनोऱ्यावरच्या अँटेना बदलल्या. जुन्या अँटेना लहर फक्त उभी फेकायच्या. नव्या उभीही फेकतात आणि आडवीही, म्हणजे खिशातला रेडिओ कसाही वाकडातिकडा असला तरी आवाज नीट लागतो. त्यांच्याबरोबर एक नवा मीटरही आला. त्याच्या टोकाला पिवळा चेंडू, चहूबाजूंची ओढ एकदम मोजणारा. शिकवायला बाहेरून माणूस आला तेव्हा बाई हाताची घडी घालून अर्धा दिवस बसल्या आणि शेवटी म्हणाल्या, “छान आहे खुळखुळा.” मग जुना मीटर पायथ्याशी लावला. काटा पाचवर. “बघा. पाच होते, पाचच आहेत.” खुळखुळा कपाटात गेला आणि त्यावर कुणी ब्र काढला नाही. बाईंपुढे कोण बोलणार?

नाही म्हणायला एक माणूस होता जो बोलला असता, पण त्याची पंचाईत वेगळीच होती. तो त्यांचा जावई. मनोऱ्यावर चढणारा म्हणून सहा वर्षांपूर्वी लागला तेव्हा बाई त्याला “अरे ए” म्हणून हाक मारत. दोन वर्षांनी त्याने त्यांच्याच मुलीशी लग्न केलं. तेव्हापासून कामावर ‘तू’ आणि घरी ‘तुम्ही’, कामावर ‘मॅडम’ आणि घरी ‘आई’, असा दोघांचा दुहेरी संसार चालू होता. पोरगा कामाचा होता, पण बाईंच्या मते जरा चालढकल करणारा. चढताना कमरेच्या पट्ट्याचे दोन आकडे शिडीला आळीपाळीने अडकवायचे असतात, हा घाईत एकाच आकड्यावर चढायचा, त्यावरून दोघांची नेहमी खडाजंगी. आता लेकीला सातवा महिना होता आणि खडाजंगीला धार आली होती.

त्या दिवशी केंद्राचा वर्धापनदिन होता. सकाळी दहाला मोठे साहेब स्वतः माइकसमोर बसून भाषण करणार होते, थेट प्रक्षेपण. आणि नेमका आदल्या रात्री मनोऱ्याच्या टोकाचा लाल दिवा गेला. विमानांसाठी तो लागतो, अंधार पडायच्या आत बदलणं भाग, आणि दुपारनंतर टेकडीवर वारा इतका चढतो की वर जाता येत नाही. साहेबांचा निरोप आला: ताकद उतरवा, पण आवाज बंद पडता कामा नये.

बाईंनी मीटर लावला. वारा होता, तिवई हलत होती, त्यांनी तिच्या पायाशी दगड लावले. काटा पाचवर आला. त्या परवाना लिहू लागल्या. जावई हातमोजे चढवत होता, उतरवत होता, परत चढवत होता.

“मॅडम, एकदा परत मोजता का?”

बाईंनी मान वर केली. “का?”

“असंच. आज तो नवीन मीटर लावून बघितला तर?”

“माझ्या मीटरला काय धाड भरलीय?”

“तसं नाही म्हणालो.”

“मग कसं म्हणालास? पस्तीस वर्षं मोजतेय. तू शाळेतही जात नव्हतास तेव्हापासून हा काटा पाचच दाखवतोय.”

तो वर अँटेनांकडे बघत राहिला. आणि तिथे बाईंची जीभ घसरली. “भीती वाटत असेल तर सरळ सांग. दुसरा माणूस बोलावते. घरी माझ्या लेकीला काय सांगायचं ते मी बघीन.”

त्याचा चेहरा उतरला, मग घट्ट झाला. त्याने आकडे कमरेला लावले, पिशवी खांद्यावर घेतली आणि शिडीला लागला. बाईंनी सही ठोकली, इतक्या जोरात की कागद फाटता फाटता वाचला.

त्यांना स्वतःचाच राग आला होता, पण राग एकदा आला की तो स्वतःवर थोडाच राहतो! त्यांनी तिवईवरून मीटर उचलला, बाकावर ठेवला, बाटलीतून चहा ओतला आणि पाठ करून बसल्या. चहा गार होता. दोन घोट झाल्यावर लक्षात आलं की मीटर बंद करायचा राहिला. चालू मीटर, आडवा. स्वतःच्या हाताने. “वा बाई,” त्या पुटपुटल्या आणि बटणाकडे हात नेला.

काटा बारावर होता.

आधी त्यांना वाटलं, सेल गेले. मग वाटलं, बाकाच्या लोखंडी पायांमुळे असेल. त्या मीटर घेऊन मोकळ्या जागेत गेल्या, दांडी उभी धरली. पाच. हळूहळू आडवी केली. सहा, आठ, अकरा, बारा. आडव्या दांडीचं टोक मनोऱ्याकडे फिरवलं, काटा पडला. परत मनोऱ्याला आडवी धरली, बारा. जुन्या अँटेना असत्या तर दांडी आडवी केल्यावर काट्याने शून्यावर लोळण घ्यायला हवी होती.

दोरी वरखाली हलवता येते, तशी डावीउजवीकडेही हलवता येते. हे त्यांना न कळण्यासारखं काय होतं? त्या अर्ध्या दिवसाच्या शिकवणीत तो माणूस दुसरं काही सांगतच नव्हता. पण काटा पाचवर आला, आणि त्यांनी पुढे बघितलंच नाही. आठ महिने दर वेळी बटण बंद करून मगच मीटर आडवा केला होता. इतक्या शिस्तीत की चूक दिसायला जागाच उरली नव्हती.

हिशोब त्यांच्या डोक्यात आपोआप झाला, थांबवावा म्हटलं तरी थांबला नसता. पाच आणि बारा मिळून सतरा होत नाहीत. एक ओढ उभी, एक आडवी, तेव्हा मैदान कडेकडेने न जाता कोपऱ्यातून कोपऱ्यात जावं तसं मोजायचं. तेरा. तेरा दाहे एकशेतीस. साठ चालते तिथे एकशेतीस. दुपटीहून जास्त उंची, म्हणजे चौपटीहून जास्त ताकद. आणि हे नुसतं हवेत. अँटेनांच्या मधल्या लोखंडाला हात लावला तर तिथे ती ओढ आणखी साठून बसलेली असते. तिथे चटका बसतो. चटका बसला की माणूस आधी हात सोडतो आणि मग विचार करतो.

आणि हा एका आकड्यावर चढतो.

बाईंनी वर पाहिलं. तो मधल्या फलाटाच्या वर गेला होता. अँटेना सुरू व्हायला अजून पंचवीस मीटर, फार तर सात मिनिटं.

त्यांनी वॉकीटॉकी तोंडाशी धरली. “खाली ये. ऐकतोयस का? खाली ये!” उत्तर नाही. उत्तर येणारच नव्हतं. मधल्या फलाटानंतर वॉकीटॉकीत नुसती खरखर भरते, कान किटतात, म्हणून सगळे चढणारे तिथे ती बंद करून पिशवीत टाकतात. ही रीत बाईंना माहीत होती आणि तिला त्यांचीच संमती होती.

त्या ओरडल्या. वाऱ्याने आवाज कुंपणापलीकडेही नेला नाही. मग त्यांनी पाना उचलला आणि मनोऱ्याच्या पायावर घणाघण ठोकायला सुरुवात केली. लोखंडातून ठोके वर गेले. तो थांबला. त्याने खाली पाहिलं. बाईंनी दोन्ही हात खालच्या दिशेने हलवले, ये, ये, ये.

वरून त्याने हात केला. ‘कळलं, कळलं’ असा. आणि आधीच्या दुप्पट वेगाने चढायला लागला.

त्याला वाटलं होतं, सासूबाई घाई करताहेत. थोड्या वेळापूर्वी त्याला भित्रा म्हणून झालंच होतं, आता ठोके मारून हाकताहेत. दुसरं काय वाटणार? बाईंनी पाना तिथेच टाकला.

टेलिफोनच्या डब्यातून त्यांनी यंत्राच्या खोलीत फोन लावला. तिथे ड्युटीवर ऑपरेटर होता, सरळमार्गी माणूस, नियमाच्या बाहेर पाऊल न टाकणारा. एरवी बाईंना तो फार आवडायचा.

“यंत्र बंद कर. आत्ता.”

“काय झालं, मॅडम?”

“वर माणूस आहे. माझं मोजमाप चुकलंय. बंद कर.”

“पण परवान्यावर तुमची सही आहे ना?”

“अरे, तेच सांगतेय! सही चुकीची आहे!”

फोनमध्ये मागे साहेबांचा आवाज येत होता, केंद्राने गाठलेल्या शिखरांबद्दल ते बोलत होते. “मॅडम, साहेबांचं भाषण चालू आहे. त्यांच्याच भाषणात मी त्यांचंच यंत्र बंद करू? लेखी द्या, नाहीतर त्यांना विचारून सांगतो.”

“ते भाषण करताहेत, त्यांना कसा विचारणार आहेस?”

“म्हणूनच म्हणतो, दहा मिनिटं थांबा.”

बाईंनी फोन आपटला आणि पळत सुटल्या.

अठ्ठावन्न वर्षांची बाई, दोन्ही गुडघे गेलेले, जिना उतरताना देवाचं नाव घेणारी. ती अडीचशे पावलं चढाची होती. पहिल्या पन्नासात छाती भरून आली, पुढच्या पन्नासात उजवा गुडघा लचकला. त्यांनी मागे वळून वर बघितलं नाही. बघितलं तर पाय थांबतील हे त्यांना माहीत होतं. डोक्यात एकच चाललं होतं: तो आत्ता कुठे असेल, आकडा अडकवला असेल का, कुठल्या हाताने लोखंड धरलं असेल. आणि मधूनच आपलंच वाक्य: भीती वाटत असेल तर सरळ सांग.

दार ढकलून त्या आत शिरल्या तेव्हा ऑपरेटर खुर्चीतून अर्धा उठला. “मॅडम, अहो...” यंत्राच्या पुढच्या बाजूला हाताच्या पंजाएवढा लाल दट्ट्या होता, आपत्तीत दाबायचा. पस्तीस वर्षांत त्यांनी तो दाबलेला कधी पाहिला नव्हता. त्यांनी सगळ्या अंगाचा भार टाकून तो दाबला.

“...आणि या यशाचं श्रेय जर कुणाला द्यायचं असेल, तर ते...” साहेब म्हणाले आणि गप्प झाले. यंत्राची घरघर उतरत गेली. छपरावरचा भोंगा आपोआप वाजायला लागला, प्रक्षेपण तुटलं की तो वाजतोच.

ऑपरेटरने कपाळावर हात मारला. बाईंनी यंत्राची चावी फिरवून उपसून काढली आणि मुठीत धरली. चावीशिवाय यंत्र सुरू होत नाही. टेबलावरचे दोन्ही फोन एकदम वाजू लागले.

“स्टुडिओतून असणार. मी काय सांगू?”

“सांग, मीटरबाईला वेड लागलंय.”

त्या दारात येऊन उभ्या राहिल्या. तिथून मनोरा सरळ दिसत होता. तो अँटेनांच्या पहिल्या ओळीच्या खाली होता, एक पायरी, फार तर दोन. भोंगा ऐकून थांबला होता आणि खाली बघत होता. वर त्याने पिशवीतून वॉकीटॉकी काढून चालू केली. मग त्यांच्या कमरेची वॉकीटॉकी बोलली.

“मॅडम? काय झालं? भोंगा का वाजतोय?”

खरखर नाही, काही नाही. इतक्या वरून इतका स्वच्छ आवाज त्यांनी कधीच ऐकला नव्हता. लहरच नव्हती, तर खरखर कुठून येणार?

“खाली ये,” त्या म्हणाल्या.

“दिवा राहिलाय अजून. यंत्र बंद आहे ना, मग पटकन बदलूनच येतो.”

“दिव्याला आग लागू दे. खाली ये. दोन्ही आकडे लावून ये. एकेक पायरी. मी बघतेय.”

एवढ्यात त्यांचा मोबाइल वाजला. लेक. नवरा वर चढला की ती घरी रेडिओ लावून बसते, हे बाईंना आजवर माहीत नव्हतं. तिनेच सांगितलं, एका दमात. “आई, रेडिओ बंद पडला. तो कुठाय?”

“वर आहे. खाली येतोय.”

“काय झालंय?”

“काही झालं नाही. यंत्र मीच बंद केलंय.”

“तू? का?” ती थांबली. “तू मोजलं होतंस ना, आई?”

बाईंना खोटं बोलता आलं असतं. यंत्रात बिघाड झाला, वीज गेली, काहीही. सात महिन्यांच्या पोटुशीला कुणी खरं सांगत नाही आणि त्यात कुणी चूकही काढणार नाही. “मोजलं होतं,” त्या म्हणाल्या. “चुकीचं मोजलं.”

मग लेक म्हणाली, “फोन ठेवू नकोस. तो जमिनीवर आला की त्याच्याकडे दे.” तिच्या आवाजात राग नव्हता आणि मायाही नव्हती. बाईंना वाटलं, दोन्हींतलं काहीतरी असतं तर बरं झालं असतं.

फोन कानाला लावून त्या लंगडत परत पायथ्याशी आल्या. उतरायला त्याला सतरा मिनिटं लागली. फोनमधून लेकीचा श्वास ऐकू येत होता. बाई प्रत्येक आकडा मोजत होत्या, एक सुटला, एक लागला, एक सुटला, एक लागला. शेवटच्या पायरीवरून तो उतरला तेव्हा बाईंनी फोन त्याच्या हातात दिला.

“आलो गं,” तो म्हणाला. “हो. नाही, काही नाही. अगं खरंच. संध्याकाळी बोलू.” त्याने फोन परत दिला आणि सासूकडे बघितलं. “आता तरी सांगाल का?”

बाईंनी बाकावरचा मीटर उचलला. यंत्र बंद होतं, काटा मेल्यासारखा पडला होता, दाखवण्यासारखं काही नव्हतं. त्यांनी तोंडानेच सांगितलं. उभे पाच, आडवे बारा, मिळून तेरा, वर एकशेतीस. त्यांनी काही लपवलं नाही, कसली सबबही जोडली नाही. “आठ महिने मी अर्धंच मोजत होते,” त्या म्हणाल्या. “आज तुला वर काही झालं असतं तर...”

जावई खाली बघत होता. त्याने उजव्या हाताचा मोजा काढला. मग म्हणाला, “म्हणजे तो चटका खरा होता.”

“कसला चटका?”

त्याने हात लगेच मागे घेतला, पण बाईंनी मनगट पकडलं. तळव्यावर, अंगठ्याच्या खाली, वाटाण्याएवढे दोन डाग होते. एक जुना, पांढुरका. दुसऱ्याची कातडी अजून कोवळी होती.

“हे कधी?”

“एक तीन महिन्यांपूर्वी. दुसरा मागच्या महिन्यात. मोजा काढून बोल्ट धरला होता. दुसऱ्या वेळी हात सुटलाच होता, आकडा होता म्हणून...” तो थांबला. “जाऊ द्या.”

“जाऊ द्या काय? सांगितलं का नाहीस?”

त्याने खांदे उडवले. “काय सांगणार? मीटर पाच म्हणत होता. सही तुमची होती. मला वाटलं, माझाच हात घाबरट आहे.” मग जरा थांबून म्हणाला, “आणि तुम्हाला ते आधीपासूनच वाटत होतं.”

बाई त्याचं मनगट धरून तशाच उभ्या राहिल्या. डोळे भरले ते त्यांनी पुसलेही नाहीत.

फाटकापाशी गाडी करकचून थांबली. मोठे साहेब उतरले, वर्धापनदिनाचं फूल कोटाला तसंच. मागून पत्र्याच्या खोलीतून ऑपरेटर धावत येत होता. “कोणी बंद केलं?” साहेब लांबूनच ओरडले. “सगळ्या गावासमोर माझं तोंड बंद केलंत! कोणी दाबला तो दट्ट्या?”

बाईंनी तोंड उघडलं, पण जावई त्यांच्या पुढे झाला.

“माझ्यामुळे झालं, साहेब. वर मला चक्कर आली. अँटेनांपाशी एकदम गरगरलं. मॅडमनी खालून बघितलं आणि यंत्र बंद केलं. त्यांनी बंद केलं नसतं तर मी पडलो असतो.” तो हे इतक्या सरळ चेहऱ्याने बोलला की क्षणभर बाईंनाही खरं वाटलं. साहेबांचा आवाज खाली आला. चक्कर आलेल्या माणसावर कोण ओरडणार? ते म्हणाले, “अरे, मग असा माणूस वर पाठवायचाच कशाला? याला उंचीवरून काढा. खाली कुठेतरी काम द्या.”

“चालेल, साहेब,” जावई म्हणाला.

सुटका समोर उभी होती. मागचे आठ महिने कुणी तपासणार नव्हतं, सहीबद्दल कुणी विचारणार नव्हतं. निवृत्तीला पाच महिने राहिले होते. आणि लेकीचा नवरा कायमचा जमिनीवर, हे तर त्यांना हवंच होतं. बाईंनी एकदा त्याच्याकडे बघितलं. तो नजर चुकवत होता. गेले तीन महिने त्याने आपल्या हातावर विश्वास ठेवला नव्हता, आणि आता तो साऱ्या केंद्रासमोर स्वतःला कायमचा घाबरट ठरवून घेत होता.

“याला चक्करबिक्कर काही आलेली नाही,” बाई म्हणाल्या.

“आई, राहू द्या,” तो हळूच म्हणाला. कामाच्या जागी तो त्यांना पहिल्यांदाच आई म्हणाला.

बाईंनी यंत्राची चावी साहेबांच्या हातात ठेवली. मग जावयाचा उजवा हात धरला, तो मागे ओढत होता तरी सोडला नाही, आणि तळवा उलटून साहेबांच्या समोर केला.

“हे दोन डाग नीट बघा, साहेब. हे माझ्या सहीने पडलेत.”